वहीत न लिहिलेला पळस

बी.कॉम.च्या पहिल्या वर्षी हिशेबशास्त्राच्या तासाला सरांनी फळ्यावर एक वाक्य लिहिले होते. ज्या गोष्टीचे मोल पैशात मोजता येत नाही, तिची नोंद वहीत होत नाही. ‘मुद्रामापन संकल्पना’ असे त्याचे भारदस्त नाव. परीक्षेत त्याला ५ गुण असतात आणि आम्ही सगळेजण ते पाठ करून इमानेइतबारे लिहितो. मीही लिहिले, गुणही मिळाले. पण गेल्या उन्हाळ्यात आजोळी एका जुन्या ट्रंकेत सापडलेल्या लाल वहीने ते वाक्य माझ्या डोक्यात असे काही अडकवले, की आता कुणी त्याचा उल्लेख केला तरी मला आधी पळसाचे पान आठवते.

माझे आजोळ पांढुर्ण्याचे. नकाशात ते मध्य प्रदेशात आहे. घरात आणि बाजारात मात्र मराठीच. ऑक्टोबर २०२३ पर्यंत पांढुर्णा आणि सौंसर ही दोन्ही गावे छिंदवाडा जिल्ह्यात मोडत, आता त्या दोन तहसिलींचा मिळून पांढुर्णा नावाचा स्वतंत्र जिल्हा झाला आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांच्या सीमा नव्याने आखल्या गेल्या, तेव्हा नागपूर-विदर्भ एका बाजूला गेला आणि ही गावे दुसऱ्या बाजूला राहिली. त्याच दिवशी आपली निपाणीही कोणत्या राज्यात राहणार ते ठरले. त्यामुळे आई लग्न होऊन इकडे आली तेव्हा तिला काही फार परके वाटले नाही म्हणे. पाटीवरची भाषा वेगळी आणि चुलीजवळची वेगळी, याची तिला सवयच होती. मी मराठी शाळेत शिकले आणि कन्नड अंगणात, बाजारात शिकले. आईने हिंदी अशीच उचलली होती.

निपाणी कुठे आणि पांढुर्णा कुठे, ही सोयरीक जमली कशी, असे मला मैत्रिणी नेहमी विचारतात. ती एका पानाने जमवली. निपाणीचा तंबाखू विडीचा. विडीला तंबाखू लागतो तसे वर गुंडाळायला तेंदूचे पान लागते, आणि ते पान मध्य प्रदेशातल्या जंगलातून येते. बाबा तेव्हा एका पेढीवर मुनीम होते, पानांच्या खरेदीसाठी मालकांबरोबर त्या बाजूला जात. पुढचे सांगत नाही. घरची गोष्ट आहे.

तर ती लाल वही. आजोबांची. १९९१ ते १९९७ या वर्षांचा शेतीचा जमाखर्च तीत आहे आणि अक्षर असे, की आमच्या वर्गातल्या निम्म्या जणांनी लाजावे. सरकी, खत, फवारणी, कापसाची वेचणी, बैलाची नाल, संत्र्याची बाग ठेक्याने दिली त्याची इसार रक्कम, उरलेली कधी मिळाली, कोणी बुडवली. मी मोठ्या हौसेने ती वही वाचत बसले. वाचता वाचता एक गोष्ट जुळेना. १९९६ साली आई नागपूरला डी.एड.ला गेली. त्या वर्षी कापूस पडला होता, बागेचे पैसे अडकले होते. वहीप्रमाणे त्या जूनमध्ये घरात शिल्लक जवळजवळ नाही. मग फी, वसतिगृह, गाडीभाडे हे कुठून आले? कर्जाच्या पानावरही काही नोंद नाही.

मी आजीला विचारले. आजी परसात बसून तूर निवडत होती. म्हणाली, “पत्रावळ्याचे पैसे होते ते. तुह्या मायची फी त्यातूनच भरली.”

“मग आजोबांनी लिहिले का नाही?”

“काहून लिवतीन? पानं का इकत आणले होते?”

एवढेच बोलून ती पुन्हा सूप पाखडू लागली. माझी मात्र झोप उडाली.

दुसऱ्या दिवशी मी तिला खोदून खोदून विचारले आणि कागदावर मांडले. फाल्गुनात पळस फुलतो तेव्हा त्याच्या अंगावर पान नसते. फुले झडली की नवी पाने येतात, आणि वैशाखात ती जून, रुंद, कातडीसारखी होतात. उन्हे चढायच्या आत बायका धुऱ्याधुऱ्याने, बरडीवर, जंगलाच्या कडेने पाने तोडत. देठाला तीन पाने, त्यांतले मधले सर्वांत मोठे, ते पत्रावळीच्या मधोमध जाते. घरी आणून पाने उलटसुलट रचायची, वर दगड ठेवायचा, म्हणजे ती वळत नाहीत. मग कडुलिंबाच्या काड्या किंवा बांबूच्या चोया टोचत टोचत गोल शिवायचे. आजीच्या हातून दिवसाला दीडशे होत. उन्हाळ्यातले अडीच महिने म्हणजे ७५ दिवस धरले तर सव्वाअकरा हजार पत्रावळ्या. शेकड्याला तेव्हा सहा रुपये मिळत, म्हणजे एका उन्हाळ्याचे पावणेसातशे रुपये. असे तिने सात-आठ उन्हाळे केले आणि पैसे गाठीला ठेवले. रक्कम फार मोठी नाही हे मला कळते. पण त्या रकमेने एक मुलगी शिक्षिका झाली, आणि सात वर्षांच्या काटेकोर वहीत तिच्यासाठी एक ओळ नाही. बैलाच्या नालेसाठी आहे.

इथे मी आजोबांना दोष देत नाही. ते नियमानेच वागले. तोच नियम आम्ही ५ गुणांना लिहितो.

माणसाने वनस्पतींचा उपयोग कसकसा केला याचा इतिहास आपण शाळेत शिकतो तो बहुतेक या वहीसारखाच असतो. त्यात गहू, भात, ऊस, कापूस, नीळ, चहा, मिरे असतात, म्हणजे ज्यांचा बाजार भरला, ज्यांच्यावर कर बसला, ज्यांच्यासाठी गलबते निघाली ती सगळी. ते खोटे नाही. आमच्या आजोळचीच शेती पाहा. संत्रा हा मुळात तिथला नव्हे. अठराव्या शतकाच्या अखेरीस दुसऱ्या रघुजी भोसल्यांनी तेव्हाच्या औरंगाबादेहून त्याची रोपे नागपुरात आणली आणि तिथून तो सातपुड्याच्या पायथ्यापर्यंत पसरला. आज पांढुर्णा-सौंसरच्या बागांतले फळही बाजारात ‘नागपुरी’ म्हणून जाते, आणि २०१४ साली त्या नावाला भौगोलिक निर्देशांकही मिळाला. कापसाचे तर विचारूच नका. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झाले, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना, आणि आपल्या काळ्या मातीतल्या कापसाला सोन्याचा भाव आला. १८६७ साली रेल्वे नागपूरला पोचली, १८७७ साली जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल तिथे सुरू झाली. या सगळ्याच्या नोंदी आहेत, आकडे आहेत, पुतळेही आहेत.

पळसाचे काय? पळस कोणी लावला नाही, विकत घेतला नाही, त्याला पाणी दिले नाही. आणि तरी एका झाडाने माणसाची इतकी कामे केल्याचे दुसरे उदाहरण मला तरी चटकन आठवत नाही. फुलांचा केशरी रंग होळीला आणि कापडाला. रंग कच्चा, पण फुकट. बुंध्यातून पाझरणारा तांबडा डिंक म्हणजे कमरकस, तो बाळंतिणीच्या लाडवात. बी म्हणजे पळसपापडी, मुलांच्या जंतांवर. मुळ्या ठेचून काढलेल्या धाग्यांचे दोर. वाळक्या काटक्या होमाला समिधा, आणि मुंजीत बटूच्या हाती पळसाचाच दंड. आजोळी पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बैलांचे खांदे शेकतात ते पळसाच्या पानाला तूप-हळद लावून. आणि पोळ्याला दाराच्या दोन्ही बाजूंना पळसाच्या फांद्या रोवतात, त्यांना मेढे म्हणतात. गावांची नावे पाहा, पळसगाव, पळशी, पळसखेड. १७५७ साली ज्या लढाईने इंग्रजांना बंगाल मिळवून दिला ती प्लासीची लढाई ज्या गावाजवळ झाली, त्या पलाशीचे नावही पळसावरूनच आले आहे. इतिहासाच्या पेपरात मी प्लासी दहादा लिहिले असेल, पण त्या नावात पळस आहे हे मला कॉलेजात आल्यावर कळले.

आणि लाख! पळसाच्या कोवळ्या डहाळ्यांवर लाखेचा किडा वाढतो. त्याच्यापासून बांगड्या, शिक्कामोर्तबाची लाख, लाकडाला चकाकी देणारे रोगण. पण मला सर्वांत नवल वाटले ते ग्रामोफोनच्या तबकडीचे. प्लास्टिकच्या तबकड्या यायच्या आधी जुन्या ७८ फेऱ्यांच्या तबकड्या लाखेपासून बनत. १९०८ साली कलकत्त्याला सियालदह येथे आपल्याकडचा पहिला तबकड्यांचा कारखाना निघाला. बालगंधर्वांची नाट्यपदे आणि हुबळीच्या गंगूबाई हनगलांचे गाणे आपल्या आजोबा-पणजोबांच्या घरात शिरले ते या लाखेवर बसून. हे वाक्य लिहिताना मराठी विभागात लिहावे की कन्नड विभागात, असा मला क्षणभर प्रश्न पडला होता.

आता कोणी म्हणेल, काळ बदलला, रासायनिक रंग आले, विनाईल आले, प्लास्टिक आले. पळसाची कामे गेली, त्यात रडण्यासारखे काय? खरे आहे. १८५६ साली इंग्लंडात पर्किन नावाच्या अठरा वर्षांच्या मुलाने प्रयोगशाळेत जांभळा रंग बनवला, तेव्हापासूनच झाडांच्या रंगांचे दिवस भरत आले होते. मी काही आपण सगळ्यांनी पळसाच्या रंगातली लुगडी नेसावीत असे म्हणत नाही. माझे म्हणणे इतकेच आहे की एखाद्या झाडाचे काम गेले हे आपल्याला कळले तरी पाहिजे. नीळ गेली तेव्हा तिच्या व्यापाऱ्यांनी बोंब मारली, कारण ती त्यांच्या वहीत होती. पत्रावळ गेली तेव्हा कोणी हूं की चूं केले नाही. जिचे नुकसान झाले तिच्याकडे वहीच नव्हती.

हे झाडाच्या नशिबाने होते असे मानू नका. तेंदूचे पान बघा. तेही रानातलेच, तेही कोणी न लावलेले, तेही उन्हाळ्यातच तोडायचे आणि तेही बहुतेक बायकाच तोडतात. पण विडीच्या धंद्यात त्याला किंमत होती, म्हणून १९६४ साली मध्य प्रदेश सरकारने कायदा करून त्याचा व्यापार आपल्या हाती घेतला. १९८४ साली त्यासाठी लघु वनोपज संघ निघाला. तिथे ५० पानांची एक गड्डी, अशा १००० गड्ड्यांचा एक मानक बोरा, आणि बोऱ्यामागे तोडणाऱ्याला सरकारने ठरवलेली मजुरी. २०२४ साली ती ४००० रुपये झाली. तेंदू तोडणाऱ्या बाईचे नाव कार्डावर असते, नफा झाला तर तिला बोनस मिळतो. शेजारच्याच झाडावरून पळसाचे पान तोडणाऱ्या बाईला यांतले काहीही नाही. दोन्ही पाने एकाच रानातली. एकाने धूर होतो आणि एकावर जेवण होते. धुराच्या पानाची मोजदाद झाली, जेवणाच्या पानाची नाही. (आमचे घर तेंदूवर आणि तंबाखूवर चालले, तेव्हा हे वाक्य लिहिण्याचा मला कितपत अधिकार आहे, हे वाचकांनीच ठरवावे. तंबाखूला तरी पुरता भाव कुठे मिळाला? १९८१ साली भावासाठी रस्त्यावर बसलेल्या निपाणीच्या शेतकऱ्यांवर गोळ्या झाडल्या गेल्या, हे आपल्यातल्या पुष्कळांच्या घरात अजून बोलले जाते.)

पांढुर्ण्यात वर्षातून एक दिवस मात्र पळसाला फार मोठा भाव येतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी. त्या दिवशी पहाटे जाम नदीच्या मधोमध पळसाचे एक झाड रोवतात, त्याला झेंडा बांधतात, पूजा करतात. नदीच्या एका तीरावर पांढुर्णा, दुसऱ्या तीरावर सावरगाव. मग दोन्ही तीरांवरून एकमेकांवर गोट्यांचा वर्षाव सुरू होतो. हीच गोटमार. दगड खात खात जाऊन झाड तोडायचे असते; ते तोडले की खेळ संपतो आणि झेंडा चंडीमातेच्या देवळात नेतात. दोन गावांतल्या एका मुलाची आणि मुलीची प्रेमकथा यामागे सांगतात, ती ऐकायला गोड आहे. पण गोटमारीत दरवर्षी शेकडो माणसे जखमी होतात आणि १९५५ पासून डझनभराहून अधिक जणांचा जीव गेल्याचे वर्तमानपत्रांत छापून येते. एकदा प्रशासनाने दगडांऐवजी रबरी चेंडू पुरवून पाहिले, लोकांनी दगडच उचलले.

माझ्या मामाचा डावा डोळा यात गेला. मी तेव्हा नऊ वर्षांची होते, गच्चीवरून टाळ्या वाजवत बघत होते. मामाला आणले तेव्हाही मला वाटले कुंकू लागले आहे. मामा आजही दर वर्षी नदीवर जातो, उभा राहतो, दगड मारत नाही. मी त्याच्याशी यावरून भांडते. तो म्हणतो, “तुला नाही समजणार. मान आहे तो झाडाचा.”

मला खरेच समजत नाही. मामाच्याच शेतात धुऱ्यावर पाच पळस होते. आजीने पाने तोडली ती त्यांचीच. तीन वर्षांपूर्वी संत्र्याला ठिबकची नळी टाकताना त्यांतले तीन पळस यंत्राने उपटले. मामाने त्याची नोंद ठेवली आहे, यंत्राच्या भाड्याची. मी हे बोलून दाखवले तेव्हा तो बराच वेळ गप्प बसला, मग म्हणाला की पळसाच्या सावलीत संत्रा धरत नाही. तेही खोटे नसेल. शेती त्याला करायची आहे, मी निपाणीत बसून लेख लिहिणार.

मी भाविकतेविरुद्ध बोलते आहे असा समज होऊ नये. सौंसरजवळ जामसावळीला हनुमंताची आडवी निजलेली मूर्ती आहे, तिच्यावर पिंपळाची सावली आहे. तिथला पिंपळ कोणी तोडेल का? देवाने ते झाड राखले आहे. पण पिंपळाला मान उभे राहण्याचा मिळतो आणि पळसाला तोडून घेण्याचा, हा फरक आहे. आणि एका पिंपळाला एक देव पुरतो. धुऱ्याधुऱ्यावरच्या पळसाला देव कुठून पुरणार? इतके दिवस त्याला राखले ते गरजेने. घरात लग्न निघाले की पाने लागायची, म्हणून झाडावर कुऱ्हाड चालवताना माणूस थबकायचा. आता थबकण्याचे कारणच उरले नाही.

म्हणून माझे मत असे, की पळसाला पूजेपेक्षा गिऱ्हाईक हवे आहे. वाणिज्य शाखेच्या विद्यार्थिनीला दुसरे काय सुचणार, असे म्हणून हसाल तर हसा. एकदाच वापरायच्या प्लास्टिकच्या ताटल्यांवर कर्नाटकात २०१६ पासून आणि सबंध देशात १ जुलै २०२२ पासून बंदी आहे. आपल्याच राज्यात मलेनाडकडे अडिकेच्या हाळेच्या ताटल्यांचा चांगला धंदा उभा राहिला, त्या परदेशीही जातात. मग गेल्या वर्षी आपल्या कॉलेजच्या स्नेहसंमेलनात आपण कशावर जेवलो? वरून कागद आणि आतून चकचकीत प्लास्टिकचा पापुद्रा असलेल्या ताटल्यांवर. दुसऱ्या दिवशी मैदानाच्या कोपऱ्यात त्या जाळल्या, त्याचा वास लेक्चरला खिडकीतून येत होता. पर्यावरणावरच्या निबंधस्पर्धेचे बक्षीसही त्याच संमेलनात वाटले. मला दुसरे मिळाले होते.

यंदाच्या जेवणाला पानाच्या पत्रावळ्या घ्याव्यात असा विषय मी वर्गात काढला तेव्हा दोन आक्षेप आले. रस्सा गळेल, हा पहिला. ज्यांनी लग्नात पत्रावळीवर कढी ओरपणारी म्हातारी माणसे पाहिली आहेत त्यांना याचे उत्तर देण्याची गरज नाही. दुसरा आक्षेप, पांढुर्ण्याहून निपाणीपर्यंत पत्रावळ्या आणणार कशा? तेव्हा कन्नड विभागातली एक मैत्रीण, जी एरवी वर्गात फारशी बोलत नाही, ती म्हणाली, “ननगे गोत्तु, मुत्तुगद एले.” म्हणजे तिला माहीत आहे, पळसाचे पान. पळसाला कन्नडमध्ये मुत्तुग म्हणतात. तिची आज्जी जत्रेसाठी अजून मुत्तुगाच्या पानांच्या पत्रावळ्या लावते, तिचे गाव इथून तासाभराच्या अंतरावर आहे. मी तिला विचारले, तुमच्याकडे एका देठाला किती पाने? तिने माझ्याकडे वेड्यासारखे पाहिले. तीनच.

पुढच्या रविवारी आम्ही दोघी तिच्या गावी गेलो. आज्जीने मला पान शिवायला लावले, माझ्या तीन चोया मोडल्या. चारशे पत्रावळ्या करून द्याल का म्हटले तर लगेच हो म्हणाली. शेकड्याचा भाव विचारला तर मैत्रिणीकडे बघून हसली, पाने रानातली आहेत, त्याचे काय घ्यायचे म्हणाली. आम्ही तिला काडीचे, बोटांचे, दिवसाचे मोल समजावत बसलो. संध्याकाळपर्यंत काही आकडा निघाला नाही. निघताना दहा पत्रावळ्या मात्र हातात दिल्या, त्यांचे पैसे घेतले नाहीत.

कार्यालयात विचारले तर तिथला नियमही मोजून तीनच. तीन दरपत्रके हवीत, छापील, सहीशिक्क्यानिशी. त्यांतल्या दोन दुकानदारांची मिळाली आहेत, दोन्ही चकचकीत ताटल्यांची. तिसरे मी आज्जीच्या नावाने हाताने लिहून दिले आहे. पदार्थ, नग, मुदत सगळे नीट भरले. दराच्या रकान्यात आम्ही दोघींनी हिशेब करून शेकडा ३०० रुपये लिहिले आणि आज्जीचा अंगठा घेतला. निकाल अजून लागलेला नाही.